पानाच्या तळाशी पूर्णविराम

खारघरच्या एका महाविद्यालयात जुन्या नभोनाट्यांचे प्रदर्शन भरले होते. काचेच्या पेटीत 'मिठागराची राखण' या नाटकाची संहिता ठेवली होती आणि फलकावर लिहिले होते : लेखक-निर्माते श्यामसुंदर. ते वाचून माझ्या मस्तकात संताप भिनला. ते नाटक राजेश्वरीबाईंनी लिहिले व त्यांनीच निर्मिले. कै. श्यामसुंदरांनी त्यात केवळ मुकादमाची भूमिका केली होती. मी, सातवी उत्तीर्ण स्टुडिओ-सेवक, परातीत खडे मीठ ओढून फावड्याचा आवाज काढीत असे. नोकरीतल्या माणसाचे, म्हणजे बाईंचेही, नाव प्रक्षेपणात घ्यायचे नाही, असा आमच्या नभोवाणी केंद्राचा दंडक होता. ध्वनिफीत तर केव्हाच पुसून पुन्हा वापरली गेली. उरले ते एवढेच कागद.

श्यामसुंदरांचे चिरंजीव प्रसाद तेथेच उभे होते.

"साहेब, हे नाटक बाईंचे आहे," मी म्हणालो.

"काका, कागद आमच्या कपाटात सापडले."

"प्रत्येक नटाला कार्बनची प्रत मिळत असे. त्याने नट लेखक होत नाही."

"तुम्ही कोण होतात तिथे?"

"मीठ ओढत होतो."

"मग मीठच सांभाळा ना."

प्रदर्शनाच्या प्रमुख प्राध्यापिका मनालीताई मध्ये आल्या. मी त्यांना प्रत्येक पानाची शेवटची ओळ पाहण्याची विनंती केली. वाक्याच्या मध्यावर पान बदलले, की कागदाची सळसळ श्रोत्यांना ऐकू जाते. म्हणून बाई प्रत्येक पान पूर्ण वाक्यावर संपवीत, खाली जागा कोरी राहिली तरी. पुढे त्या दूरचित्रवाणीत गेल्या. तेथे हे भय नव्हते, तरीही त्यांची सवय सुटली नाही. तरुण मंडळी त्यावरून थट्टा करीत.

मनालीताईंनी एकोणीस पाने पाहिली. एकोणीसही पूर्णविरामावर संपत होती. शेजारी श्यामसुंदरांचे स्वहस्ताक्षरातील भाषण होते. त्यात प्रत्येक पानाच्या तळाशी वाक्य अर्धवट लोंबकळत होते.

"योगायोग असेल," प्रसाद म्हणाले.

"एकोणीस वेळा?" मनालीताईंनी विचारले.

"बरं, खाली 'साहाय्य : राजेश्वरी' टाका. उगाच टेन्शन नको."

मी बाईंना फोन लावून, सर्वांना ऐकू येईल असा फोनचा आवाज मोठा केला व घडले ते सांगितले. बाईंचे वय सत्त्याऐंशी, पण स्वर तोच.

"श्यामला मुकादमाचा खोकलासुद्धा जमत नव्हता. तोही मी कुठे, किती, ते लिहून दिला. साहाय्य कोणी कोणाला केलं, ते नीट लिहा."

मनालीताईंनी फलक उतरवला. त्यावर प्रसाद म्हणाले, "मग आमचे कागद परत द्या." आणि त्यांनी संहिता पेटीतून काढून पिशवीत घातली.

"ताई, ज्याने बळकावले त्यालाच माल देता?" मी विचारले.

"काका, देणगीपत्र अजून झालेलं नाही. मी अडवू शकत नाही."

ते निघून गेले. नाव मिळाले आणि नाटक गेले, हा कुठला न्याय?

"बाजीराव," फोनमधून बाई म्हणाल्या, "मला पहिली चार पानं अजून पाठ येतात. तिथे कोणी लिहून घेईल का?"

मनालीताई फरशीवरच बसल्या आणि त्यांनी वही उघडली.