मिठाचा बर्फ

मास्तरीणबाई गेल्यापासून बारक्याला रडू म्हणून आलं नव्हतं. ताट समोर आलं की जेवायचा, अंथरुणावर पडला की झोपायचा, कोणी विचारलं की उत्तर द्यायचा. आतलं माणूस परगावी गेल्यासारखं झालं होतं.

नाव बारक्या, पण गडी दाराच्या चौकटीला डोकं लागेल एवढा. वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात तो स्वयंपाकी आणि त्याची वहिनी तिथली मुख्य. आई गेली तेव्हा हा शाळेतसुद्धा जात नव्हता. वहिनीनंच न्हाऊमाखू घालून वाढवला आणि हाताशी धरून कामाला लावला. मग एक दिवस त्यानं भाजलेलं चिकन खाऊन अर्धा आश्रम आजारी पडला. बाकीचे उठले, मास्तरीणबाई उठल्या नाहीत. निवृत्त होऊन जमाना झाला तरी रिकाम्या ताटाबरोबर शेरा पाठवणारी बाई. "मीठ बेताचं. प्रयत्न चांगला."

चौकशीच्या साहेबांना बारक्यानं सांगितलं होतं, "मी मापलं होतं. मांसाच्या मधोमध थर्मामीटर खुपसला, पंचाहत्तर दाखवत होता." पंचाहत्तर म्हणजे पुरतं शिजलेलं. मग माणसं आजारी पडली कशी? वहिनीसुद्धा घरी म्हणाली, "विसरला असशील रे. कबूल कर आणि मोकळा हो." तोंड दाबून बुक्क्यांचा मार, दुसरं काय! हळूहळू त्यालाही वाटायला लागलं, की विसरलोच असेन. मीच मारलं असेन त्या बाईला.

आज साहेब निकाल सांगायला येणार होते. त्या प्रकारानंतर पहिल्यांदाच जेवणात चिकन होतं आणि ते ओव्हनमध्ये होतं. ऑफिसात जाता जाता वहिनी म्हणाली, "कपाटातला थर्मामीटर तेवढा तपासून ठेव. बर्फात घाल, शून्य दाखवलं पाहिजे."

हे काम नेहमी तीच करायची. बारक्यानं फ्रीजरमधला बर्फ कुटून ग्लास गच्च भरला, वरून थोडं पाणी ओतलं आणि तबकडीचा थर्मामीटर मधोमध धरला. बुडाला टेकू दिला नाही, काठाला लागू दिला नाही. सुई उतरत उतरत दहावर आली आणि तिथंच बसली.

त्यानं आणखी बर्फ घातला. दहाच. उकळत्या पाण्यात धरला तर एकशेदहा.

म्हणजे हा शहाणा दहा अंश वाढवून सांगत होता. तो पंचाहत्तर म्हणाला तेव्हा चिकन पासष्टावरच होतं.

बारक्या ओट्याला टेकून उभा राहिला. मागच्या खेपेला, त्या प्रकाराच्या आधी, वहिनीनं थर्मामीटर तपासला तो दिवस त्याला आठवला. कस्टर्ड लवकर गार व्हावं म्हणून टबातल्या बर्फावर त्यानंच मूठमूठ मीठ टाकलं होतं. मीठ पडलं की बर्फ शून्याच्याही खाली जातो, म्हणून तर कस्टर्ड झटकन थंड होतं. वहिनीचा हात काटकसरीचा. नवा बर्फ कशाला फोडायचा, म्हणून तिनं त्याच टबातला ग्लासभर घेतला. सुई शून्याच्या खाली गेली असणार. थर्मामीटर बिघडला समजून तिनं मागचा नट पान्यानं फिरवला आणि सुई शून्यावर आणून ठेवली.

मी मारलं नाही, असं त्यानं मनात म्हणून बघितलं. हलकं वाटायला हवं होतं, पण काहीच वाटलं नाही. एवढं कळलं, की हे बोललो तर वहिनीची नोकरी जाते. खाल्ल्या घरचे वासे मोजायचे का? आणि ओव्हनमधलं चिकन तर थांबणार नव्हतं, ते खऱ्या मापानंच उतरायला हवं होतं. त्यानं थर्मामीटर पुन्हा बर्फात धरला, पाना लावला आणि सुई शून्यावर आणली. पुरावा गेला, हे त्याला ठाऊक होतं.

तेवढ्यात वहिनी साहेबांना घेऊन आत आली. साहेबांनी ग्लासात वाकून पाहिलं. "थर्मामीटर तर चोख आहे."

"विसरला हो तो," वहिनी हात जोडून म्हणाली. "मनानं वाईट नाही. सांभाळून घ्या."

"मापलं नव्हतं ना?" साहेबांनी विचारलं.

"नाही," बारक्या म्हणाला.

आजपासून कामावर यायचं नाही, एवढं सांगून साहेब निघून गेले. वहिनीनं त्याच्या पाठीवरून हात फिरवला. "बरं झालं बाबा, खरं बोललास. माझ्या जिवाला किती दिवस घोर होता, की माझ्या हातचं पोर खोटं बोलतंय."

तेव्हा मात्र त्याला लागलं. नोकरी गेल्याचं लागलं नव्हतं, एवढं हे लागलं. तरी तो गप्पच बसला असता. पण उद्यापासून इथं ती एकटी असणार होती, आणि बाहेर म्हातारी मंडळी जेवायला बसणार होती.

"वहिनी, तपासताना मिठाच्या टबातला बर्फ घेत जाऊ नकोस."

"का रे?"

"सुई खोटी बसते."

ती हसायला गेली आणि थांबली. तिनं ग्लासाकडे पाहिलं, मग ओट्यावरच्या पान्याकडे.

"किती दाखवत होता?"

"दहा."

"म्हणजे तू मापलं होतंस."

"रोज तेच सांगत होतो."

वहिनी खाली बसली. मग तिनं पदराला हात पुसले, ओट्याचा आधार घेऊन उठली आणि दाराकडे निघाली.

"कुठे निघालीस? राहू दे आता," तो म्हणाला.

"माझ्या पोराला मी खोटं पाडलं," ती म्हणाली. "माझं मला निस्तरू दे." अंगणातून तिची हाक ऐकू आली, "साहेब, थांबा जरा."

बारक्यानं ओव्हन उघडून थर्मामीटर चिकनमध्ये खुपसला. सुई पासष्टावर थांबली. वरून कसं छान तांबूस झालं होतं, कोणीही वाढलं असतं. त्यानं दार पुन्हा लावलं आणि मास्तरीणबाईंसाठी तो पहिल्यांदा रडला.