हे तुम्हीच आहात का?

दवाखान्याच्या जिन्यात भिंतीला टेकून गुलाबराव एका बोटानं अक्षरं शोधत होते. फोन सरिताचा होता. नातेवाइकांचे नंबर, तिच्या माहेरचा ग्रुप, सगळं बायकोच्याच फोनवर. 'सरिता आज सकाळी गेली' एवढं लिहून त्यांनी पाठवलं. नागपूरहून तिच्या धाकट्या भावाचं, धर्मपालचं, लगेच उत्तर आलं.

"ताई, काहून असा मजाक करून राहिली?"

त्यांनी फोन मुलीच्या, नीलिमाच्या हातात दिला. तिनं जिन्यातच बसून मामाला फोन लावला.

सरिताच्या पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला, पाहुणे परतले. मग एका सकाळी गुलाबरावांनी लॅपटॉप उघडला. तोही सरिताच्याच खात्यावर उघडायचा. रायपूरजवळ सिलतऱ्याच्या कारखान्यात क्रेन चालवत जन्म गेला, स्वतःचं खातं त्यांना कधी लागलंच नव्हतं. गॅस, विजेचं बिल, पेन्शनचा दाखला, सगळं ती आपल्या खात्यातून उरकायची. आता त्यांना त्यातलं एकच हवं होतं. गच्चीवरच्या कुंड्यांचे व्हिडिओ तिनं काढून ठेवले होते. त्यात ती दिसत नसे, पण बोलत असे, बहुतेक त्यांनाच. "किती पाणी घालता? बुडवता काय त्याले?"

पण व्हिडिओच्या आधी जाहिरात यायची. रायपूरमध्ये किडनीचा खात्रीशीर इलाज. रुग्णासाठी पलंग, भाड्यानं, घरपोच. सरिता आजारी असताना याच खात्यातून सगळी शोधाशोध झाली होती. पुढं राजिमला पिंडदानाची सोय, जाण्यायेण्यासह, अशीही जाहिरात येऊ लागली. गुलाबराव झाकण मिटून टाकत. ते व्हिडिओपर्यंत पोचतच नव्हते.

रविवारी नीलिमा तेलीबांध्याच्या तिच्या घरून आली. तिनं सगळं ऐकून घेतलं.

"बाबा, सीधी बात आहे. आईचं खातं बंद करू, तुमचं नवीन बनवून देते. व्हिडिओ कॉपी होतात."

गुलाबरावांनी चष्मा काढून शर्टाच्या टोकानं पुसला.

"खातं राहू दे. तिचं आहे ते."

तिनं पुन्हा तो विषय काढला नाही. ब्राउझरमध्ये एक प्रॉक्सी एक्स्टेंशन टाकून दिलं. आपण काही उघडलं की मागणी आधी दुसऱ्या गावातल्या मशीनकडं जाते आणि तिथून पुढं, त्यामुळं समोरच्या साइटला आपण त्या गावात बसलोय असं वाटतं, हे तिनं समजावलं. सगळ्याच जाहिराती जाणार नाहीत, पण रायपूर पाहून येणाऱ्या थांबतील. हे फक्त या ब्राउझरपुरतं, फोनला लागू नाही.

"म्हणजे चिठ्ठी दुसऱ्याच्या हाती पाठवायची," गुलाबराव म्हणाले.

"हव."

"अन् त्यानंच वाचली तं?"

"म्हणून तर फुकटवालं नाही घेतलं," नीलिमा हसली.

गाव निवडायचं होतं. गुलाबराव यादी वर नेत, खाली आणत. साडीच्या दुकानात आई एवढा टाइम नाही लावत होती, असं नीलिमानं ऐकवलं. शेवटी त्यांनी यादीतलं पहिलंच नाव घेतलं, आम्सटरडॅम.

"एवढी पाळत ठेवून राहिले हे जाहिरातवाले," लॅपटॉपकडं बघत ते म्हणाले, "अन् आपण बौद्ध आहो, हे नाही समजलं यांले."

नीलिमा गेल्यावर त्यांनी प्रॉक्सीचं बटन दाबलं. पानावर सायकली आल्या, चीजचे गोल गड्डे आले, खाली न वाचता येणारी भाषा. त्या गावात कोणाला त्यांच्या घरातलं काही माहीत नव्हतं. गुलाबरावांनी खुर्चीला पाठ टेकली.

मग त्यांनी सरिताचे व्हिडिओ उघडायला घेतले. पडदा थांबला. कपाटावर ठेवलेला तिचा फोन, जो ते अजून चार्ज करत, थरथरला.

'सरिता, आम्सटरडॅममधून कोणीतरी तुमचं खातं उघडत आहे. हे तुम्हीच आहात का?'

खाली दोन बटनं होती. 'हो' आणि 'नाही, खातं लॉक करा'.

लॉक झालं तर पासवर्ड लागणार होता, आणि तो सरितानं कोणाला सांगितलेला नव्हता. प्रॉक्सी बंद करता आला असता, एवढं त्यांना कळत होतं. त्यांनी नीलिमाचा नंबर काढला, पण लावला नाही. सरिता नागपूरच्या पलीकडं कधी गेली नव्हती. तिथंही दीक्षाभूमी आणि भावाचं घर, बस.

"आम्सटरडॅम," ते एकदा मोठ्यानं म्हणाले, आणि 'हो' दाबलं.

व्हिडिओ सुरू झाला. मध्ये काही आलं नाही. मोगऱ्याला कळ्या आल्या आहेत आणि कोणी हात लावायचा नाही, असं सरिता बजावत होती. त्यांनी एकामागून एक सगळे पाहिले. बऱ्याच दिवसांनी त्यांना भूक लागली. उठून त्यांनी कुकर लावला, आणि तांदूळ जरा जास्तच घेतले.

संध्याकाळी नीलिमाचा फोन आला.

"चालून राहिलं ना, बाबा?"

"मस्त चालून राहिलं."

फोननं कोणाला विचारलं आणि उत्तर कोणी दिलं, हे तिला सांगायचं अजून राहिलं आहे.