तांडेलाने सांगितलेली वाट

मित्रांनो, मी एक जुनी वकिली डायरी आहे. पुठ्ठ्यावर सोनेरी आकड्यांत १९९८ छापलेलं असल्यामुळे मला माझं वय लपवता येत नाही. कोल्हापूरच्या एका छापखान्यात माझा जन्म झाला. माझ्या बरोबरीच्या शेकडो डायऱ्या वर्ष संपताच रद्दीत गेल्या. मी मात्र पंचवीस वर्षं कामात राहिले, दिल्ली पाहिली, मुंबईतल्या तिसाव्या मजल्यावरच्या कपाटात राहिले. याचा मला पूर्वी फार अभिमान वाटायचा.

मला विकत घेतलं किशोरी मेतर हिने. मालवणच्या दक्षिणेला माडबंदर नावाचं गाव आहे, तिथली ती पहिली वकील. तिची पहिली केसही गावाचीच होती. एका हॉटेलवाल्याला किनाऱ्यावरचे रापणीचे मांगर हटवून हवे होते. रापण म्हणजे साऱ्या गावाने मिळून वाळूवरून ओढायचं लांबच लांब जाळं, आणि मांगर म्हणजे ते ठेवायची खोप. सतरा तारखा पडल्या. प्रत्येक तारीख तिने माझ्या पानावर टपोऱ्या अक्षरात लिहिली, कोण गैरहजर होतं तेसुद्धा. शेवटी निकाल गावाच्या बाजूने लागला. गावचा तांडेल लवू कुबल तिच्या हातात नारळ ठेवत सगळ्यांना म्हणाला, "आमच्या चेडवान किनारो राखल्यान!" चेडू म्हणजे लेक. होडी आणि रापण तांडेलाच्या शब्दावर चालतात, त्यामुळे त्याने केलेलं कौतुक म्हणजे गावाने केलेलं कौतुक. किशोरी तेव्हा रडली होती आणि माझं एक पान ओलं झालं होतं.

पुढे किशोरीने सागरी कायद्याचा अभ्यास केला. मोठ्या कोर्टात तिचं नाव झालं. मुंबईवर समुद्राच्या वाटेने हल्ला झाला आणि त्यानंतर काही महिन्यांतच तिला दिल्लीहून बोलावणं आलं. देशाच्या किनाऱ्यांची सुरक्षा पाहणाऱ्या कार्यालयात कायदा आणि समुद्र दोन्ही कळणारं माणूस हवं होतं. पहिल्या केसची डायरी जवळ असली की काम फत्ते होतं, अशी तिची समजूत होती. म्हणून सगळं सामानसुमान मागे ठेवूनही तिने मला बरोबर नेलं.

२००९ च्या मार्चमध्ये ती सरकारी कामासाठी माडबंदरला आली. परकी होडी कुणाच्या नकळत कुठे लागू शकेल, हे तिला शोधायचं होतं. माडबंदरसमोर पाण्याखाली खडकच खडक आहेत. सरकारी नकाशात तिथे वाट नाही. पण खडकांमधून एक खोल वाट आहे, तिच्यातून उधाणातसुद्धा होडी सुखरूप आत येते. ती सापडायची खूण फक्त तांडेलाला माहीत असते. तो म्हातारा झाला की पुढच्या तांडेलाला सांगतो. बायकोला सांगत नाही, पोटच्या मुलालाही सांगत नाही.

लवू पडवीत बसून जाळं शिवत होता. किशोरी त्याच्यासमोर बसली. गावात आली की तिची बोलीही गावची होई.

"काका, मुंबईत काय झाला ता तुमी बघितलात. ती माणसा समुद्रातसून इली. आपल्या गावात तशी वाट आसा काय?"

लवूने हातातली गाठ पुरी केली. मग विचारलं, "देशाचा काम मां?"

"होय."

"दुसऱ्या कोणाक कळाचा नाय?"

"नाय काका. माझ्या बापाशीची शपथ."

"मगे लिही."

तिने लिहिलं. देवळाचा कळस आणि डोंगरावरचा काळा कातळ एका रेषेत कसे धरायचे, कुठे वळायचं, कुठे पाणी किती खोल, सगळं माझ्या दोन कोऱ्या पानांवर उतरलं. सहा महिन्यांत तिथे पोलिसांची चौकी उभी राहिली. चौकीतला दिवा दिसला की लवूला बरं वाटायचं, असं सीताकाकी, म्हणजे त्याची बायको, किशोरीला फोनवर सांगायची.

दहा वर्षांनी किशोरीने ती नोकरी सोडली. निघताना तिच्या फायली, ओळखपत्र, फोन, सगळं काढून घेतलं गेलं. दारावरच्या माणसाने मला उघडलं, कोर्टाच्या जुन्या तारखा पाहिल्या आणि कंटाळून परत पिशवीत टाकलं. मला तेव्हा हसू आलं होतं. त्याने दोन पानं पुढे उलटली असती तर फार बरं झालं असतं.

मुंबईत एका मोठ्या कंपनीने तिला घेतलं. दहा वर्षांनी कंपनी कुठे असावी हे आज सांगायचं, असं तिचं काम होतं. कंपनीला खनिज भरण्यासाठी नवी जेटी हवी होती. पण जिथे पाहावं तिथे गाळ नाहीतर खडक, आणि तज्ज्ञांनी हात टेकले होते. एका दुपारी जेवणाच्या सुट्टीत किशोरीने मला कपाटातून काढलं. ते पान उघडलं आणि त्यावर हात ठेवून बसून राहिली. मला वाटलं, ती मला मिटेल. तिने मोबाइलवर माझा फोटो काढला.

ती दुष्ट बाई नव्हती, मित्रांनो. गावात नोकऱ्या येतील, रस्ता होईल, दवाखाना होईल, असं तिने स्वतःला समजावलं. मी ते ऐकत होते आणि मला माझ्याच पानांची लाज वाटत होती.

जनसुनावणी माडबंदरच्या शाळेच्या मैदानात झाली. मंडपात सारं गाव जमलं होतं. व्यासपीठावर अधिकारी, कंपनीची माणसं आणि त्यांच्यात किशोरी. मी तिच्या पायाशी पिशवीत होते. पडद्यावर नकाशा आला आणि खडकांमधून जाणारी जहाजांची वाट लाल रेषेने दाखवली गेली.

आताचा तांडेल भाई उभा राहिला. "ही वाट तुमका कोणी सांगल्यान?"

किशोरी शुद्ध मराठीत म्हणाली, "सर्वेक्षण तांत्रिक स्वरूपाचं आहे. माहितीचा स्रोत सांगता येणार नाही."

भाईने मान वळवून लवूकडे पाहिलं. मग सगळ्यांनीच पाहिलं. भाईशिवाय ती खूण ठाऊक असलेला गावात तो एकच माणूस होता.

लवू खुर्चीचा आधार घेत उठला. "किशोरी, तू सांग गो. मी तुका खंयच्या कामासाठी सांगलंय, ता ह्यांका सांग."

तिचं एक वाक्य पुरेसं होतं. तिने पाण्याचा घोट घेतला, समोरचे कागद सारखे केले आणि म्हणाली, "पुढचा प्रश्न."

"मीच सांगलंय," लवू म्हणाला. देशासाठी सांगलंय, असंही तो म्हणाला, पण तोवर इतका गलका उठला होता की ते कुणाला ऐकू गेलं नाही.

जेटीला परवानगी मिळाली. मुंबईला परतण्याआधी किशोरी लवूच्या घरी आली. तो घरात नव्हता, निदान सीताकाकीने तसं सांगितलं. किशोरीने मला पिशवीतून काढून तिच्या हातात दिलं.

"काकी, ही काकांक दी. माझ्याकडे ठेववत नाय."

"आमका खंय वाचूक येता?" सीताकाकी म्हणाली. किशोरी गाडीत बसली. सीताकाकीने मला पडवीच्या कठड्यावर ठेवलं. तिथून किनारा दिसतो.

रापणीची एक रीत आहे. जो दोरीला हात लावील, त्याला मासळीचा वाटा. वाटसरू असो, विधवा असो, दुसऱ्या गावचा असो, कुणाला नाही म्हणत नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी रापण लागली तेव्हा लवू नेहमीसारखा खाली गेला. त्याने हात पुढे केला. भाई काहीतरी बोलला, ते मला इथवर ऐकू आलं नाही. पण दोरीवरची माणसं एकमेकांना खेटून उभी राहिली, एवढं मी पाहिलं. लवू थोडा वेळ वाळूत उभा राहिला आणि परत आला.

"काय झाला?" सीताकाकीने विचारलं.

"दोरी भरली म्हणतत. हाताक जागा नाय."

याला चार महिने झाले. तो आता समुद्राकडे पाठ करून बसतो आणि जाळ्याला हात लावत नाही. दोरी कसली भरते! अर्धा गाव कामासाठी गोव्याला गेला आहे, माणसं कमी पडतात म्हणून रापण उशिरा वर येते.

मित्रांनो, मला कसर लागली आहे, पण मला सांभाळा असं मी म्हणणार नाही. कुणी विश्वासाने काही सांगितलं, तर ते ज्या कामासाठी सांगितलं त्याच कामाला वापरा. हे माझ्या बाईला जमलं नाही, तुम्हाला जमू दे. आणि माडबंदरच्या मुलांनो, तुमच्याकडे एक मागणं आहे. जेटीचं काम सुरू झालं की रापण बंद होईल, आता थोडेच दिवस उरले आहेत. तुम्ही शाळेआधी दोरी ओढायला जाता ते मला इथून दिसतं. उद्या गेलात की जरा जरा सरका, मधे एका माणसापुरती जागा ठेवा, आणि कुणीतरी एक जण पडवीपर्यंत येऊन लवूआजोबांना हाक मारा.