पेंब्रिज साहेबांचं माप

"पोट आत नको, साहेब. श्वास सोडा," मुनीरभाई आपल्या मोडक्या इंग्रजीत म्हणाले, आणि ब्रिटनच्या व्यापारमंत्र्यांनी निमूटपणे श्वास सोडला. बेचाळीस.

श्रीवर्धनच्या मुनीरभाईंचं दुबईच्या बर दुबई या जुन्या भागात चिंचोळं टेलरिंगचं दुकान होतं, आणि तिथल्या मापवहीत पेंब्रिज साहेबांची सगळी कारकीर्द होती. एक्क्याण्णव साली विरोधी बाकावरचे साधे खासदार, कंबर चौतीस. सत्त्याण्णवला पक्ष सत्तेवर आला, साहेब उपमंत्री झाले, कंबर अडतीस. आता दोन हजार तीन, पूर्ण मंत्री. माणूस किती वर चढला हे लोक पेपरात वाचतात, मुनीरभाईंना ते टेपवर कळायचं. दर हिवाळ्यात साहेब यायचे, हात हातात घेऊन "माय मास्टर टेलर" म्हणायचे, आणि मुनीरभाई जीव ओवाळून टाकायचे. फोटो मात्र साहेबांनी कधी काढू दिला नाही. सिक्युरिटीचं काही असेल, असं मुनीरभाईच सगळ्यांना समजावत.

बारा वर्षांत त्यांनी एकच गोष्ट मागितली होती. दुकानाची इमारत पाडणार होते. दुबई मरीना या नव्या वस्तीत उभ्या राहणाऱ्या एका हॉटेलात गाळे निघाले होते, आणि अर्जात रकाना होता: नामांकित गिऱ्हाईक, त्याच्या पत्रासह. गाळा मिळाला तर ठीक, नाहीतर गाशा गुंडाळून श्रीवर्धन. साहेबांच्या दोन ओळी पुरणार होत्या. ऑफ कोर्स, मुनीर, उद्या सूट न्यायला येताना आणतो, असं साहेब म्हणाले.

जाताना ते गेल्या वर्षीचा निळा सूट कमरेत सैल करायला ठेवून गेले. कटर अरुणने कोट उलटा केला आणि तसाच थांबला.

"मुनीरभाई, आपलं लेबल कुठंय?"

आतल्या खिशावर 'मुनीर टेलर्स, दुबई' असायचं. तिथे लंडनच्या कुठल्याशा दुकानाचं रेशमी लेबल होतं, घाईघाईत वाकडं शिवलेलं. जुन्या टाक्यांची भोकं अजून दिसत होती. गेल्या महिन्यात इंग्रजी पेपरात साहेबांचं भाषण आलं होतं: आपल्याच देशाचा माल वापरा, हा माझा कोट बघा. मुनीरभाईंनी मोठ्या कौतुकाने ते कात्रण ठेवलं होतं. फोटोतला कोट निळाच होता.

"गरज सरो नि वैद्य मरो," अरुण म्हणाला. "हे काढून आपलं लावू?"

मुनीरभाईंना राग आला. रागापेक्षा जास्त लाज वाटली, बारा वर्षं मिरवलेल्या अभिमानाची. कोट त्यांनी स्वतःच्या मशीनवर नेला आणि अरुणला चहाला पाठवलं.

दुसऱ्या दिवशी साहेब आले, पत्र आलं नाही. मंत्र्याला एखाद्या दुकानाची शिफारस करता येत नाही, नियम आहेत, आपल्याला फार वाईट वाटतं, असं त्यांनी सांगितलं. मुनीरभाईंनी निळा कोट उघडून धरला. बाहीत हात घालताना साहेबांची नजर आत गेली. लंडनचं लेबल सरळ झालं होतं, चारी बाजूंनी बारीक, न दिसणाऱ्या टाक्यांत.

"कोणीतरी वाकडं शिवलं होतं, साहेब," मुनीरभाई म्हणाले. "माझ्या दुकानातून वाकडं काम जात नाही."

साहेबांनी नेहमीसारखा हात पुढे केला. मुनीरभाई दोन्ही हातांनी टेप गुंडाळत राहिले.

गाडी गेल्यावर त्यांनी मरीनाचा अर्ज काढला. नामांकित गिऱ्हाईकाच्या रकान्यात एक आडवी रेघ मारली. पट्टी लावली नव्हती, तरी रेघ सरळ आली.