त्यांना काही नको

लुंबिनीला जगात कुठंतरी पाणी मुरतंय असं कायम वाटायचं. भाजीवालीनं हसून जुडी दिली, तरी लुंबिनी ती आतून उलगडून बघणार. एका नरसिंगवर मात्र तिचा विश्वास होता. दोघं नांदेडला संगीत शिकले. ती लातुरात शाळेत पेटी शिकवू लागली, तो पार पॅरिसला ध्वनिमुद्रणाच्या कामाला लागला. त्याच्याच ओळखीनं तिला एका फ्रेंच मालिकेच्या पहिल्या भागाचं संगीत करायला मिळालं. एक म्हातारी घराला कायमचं कुलूप लावून निघते, असा प्रसंग होता. लुंबिनीनं महिनाभर त्यात जीव ओतला. आपली चाल लोकांनी ऐकावी आणि खाली आपलं नाव यावं, एवढीच तिची भूक होती.

चाल पाठवल्यावर आठ दिवसांनी नरसिंगचा निरोप आला. "लुंबिनी, त्यांना काही नको. नंतर बोलू."

काही नको! ती रडली, मग चिडली आणि त्याला सगळीकडे ब्लॉक करून मोकळी झाली.

चार महिन्यांनी तिची नणंद शिल्पा मोबाईल नाचवत आली. "वहिनी, तुमची ती फ्रेंच मालिका सापडली बघा. म्हातारी लई रडवती."

म्हातारीनं कुलूप लावलं आणि लुंबिनीच्या अंगावर काटा आला. तिचीच पेटी वाजत होती, मध्यमाची पट्टी चिरकते त्या चिरकण्यासकट. आणि त्या परक्या गल्लीत, पेटीच्या मागून, अगदी बारीक आवाज येत होता, "भंगाऽर... लोखंड, डबे, बाटल्याऽ..." त्या दिवशी घरात चाल रेकॉर्ड करताना खिडकी लावायची राहिली होती!

आता आणखी पुरावा तो कसला हवा? शिल्पाच्याच मोबाईलवरून तिनं नरसिंगला गाठलं. उचलली जीभ, लावली टाळ्याला. "चोरा! त्यांना काही नको म्हणालास, आणि माझी चाल ढापलीस?"

"हाव, म्हणालो की! बदल काही नको. जसंच्या तसं घेतलं त्यांनी. शेवटच्या पाट्या बघितल्यास का? तुझंच नाव हाय. चार महिने झाले, फोन लावून राहिलो तुला."

शिल्पानं पाट्या लावल्या. नाव होतं. लुंबिनीला तोंड कुठं लपवावं कळेना.

"आणि पुढचे भाग?" तिनं हळूच विचारलं.

"तू उचलतच न्हवतीस. दिले मग दुसऱ्याला." मग नरसिंग म्हणाला, "एक काम कर. मागं जो माणूस गातो ना, त्यांना तो लई आवडला. त्याचंबी नाव पाट्यांत घालायचंय. विचारून सांग."

दुसऱ्या दिवशी ती सकाळपासून दारात बसून होती. अकराच्या सुमाराला हाक आली, तशी ती चप्पल न घालताच धावली.

"दादा, तुमचं नाव काय?"

भंगारवाल्यानं सायकल थांबवली. तिला खालून वर न्याहाळलं आणि मागच्या पोत्यावर घट्ट हात ठेवला.

"कशाला पाहिजे, ताई? मी कुणाचं काही चोरलं न्हाई."