दर्शन जमिनीवर झोपतो

सिंगापूरला असताना दर्शनला तिथला लाल पासपोर्ट मिळाला, तेव्हा त्याच्या बापानं, देवदत्तनं, मजलाभर पेढे वाटले होते. पुढं धंद्यापायी बिऱ्हाड शारजात आलं. दर्शन अठराचा झाला आणि सिंगापूरनं त्याला सक्तीच्या लष्करी सेवेसाठी बोलावलं. "मर्द होऊन येईल," असं बापानं छाती फुगवून सांगितलं. बापाचं काय जात होतं!

वर्षभरानं पोरगा आठवड्याच्या सुट्टीवर आला. कुमुदनं नवी गादी घेतली, भरलं पापलेट केलं. तो खाली मान घालून गिळे, "आय ॲम ओके, आई," म्हणे आणि पलंग सोडून फरशीवर झोपे. देवदत्त दिवसभर वर्कशॉपमध्ये. त्या फ्लॅटमध्ये मायलेक दोघंही एकएकटे होते.

जायच्या आदल्या दुपारी तिचा धीर सुटला. "घरात सुतक असल्यासारखा खाली काय झोपतोस रे?"

"सुतक मीन्स?"

"घरचं कुणी गेलं की दहा दिवस खाली झोपतात."

"देन इट्स करेक्ट. वेई मिंग गेला. माझ्या शेजारच्या बेडवरचा. सुट्टीवर घरी गेला आणि... ही किल्ड हिमसेल्फ. त्याची गादी मीच गुंडाळली. मग ड्रिल होतं."

"भलतंसलतं मनात आणू नकोस," हे तिच्या अगदी ओठांवर आलं होतं. तिनं ते गिळलं. गॅस बंद करून ती त्याच्यासमोर फरशीवर बसली, गावाकडे मयताच्या घरी समाचाराला गेल्यावर बसतात तशी. आणि तिथं सगळेच विचारतात, पण याला आजवर कुणीच विचारलं नव्हतं, ते तिनं विचारलं.

"कसं झालं रे?"

दर्शन बोलू लागला. निम्मं इंग्रजी तिला कळलं नाही. शेवटचं मात्र तो मराठीत बोलला, "आई, मलापण कधीकधी तसंच करावंसं वाटतं." मग तो रडला, लहानपणी रडायचा तसा, तोंड उघडं टाकून.

संध्याकाळी देवदत्त आला. "यल्ला, चला, बॅग भरली का? सकाळची फ्लाइट आहे."

"तो जाणार नाही," कुमुद बसल्या जागेवरून म्हणाली.

"वेड लागलंय? पासपोर्ट जाईल. तिथं पाय ठेवला की जेलमध्ये टाकतील!"

"जाऊ दे पासपोर्ट," ती म्हणाली. "माझ्या दारात कुणी समाचाराला यायला नको."