कौमुदीचं बेल्जियम

होरीउची-सानांनी फिल्म शेवटपर्यंत पाहिली, एकदाही घड्याळाकडे बघितलं नाही. तोक्योतल्या एका छोट्या संस्थेचे ते निर्माते. कौमुदीच्या आशा वाढल्या.

"फार छान," ते म्हणाले. "पण कौमुदी-सान, यात तुम्ही कुठे आहात?"

"मी कॅमेऱ्यामागे आहे."

"तेच तर. बेल्जियममधलं भाषेचं भांडण एका भारतीय बाईने का सांगावं, असं प्रेक्षक विचारतील. त्यापेक्षा इथल्या आयटी कुटुंबांवर करा. तुमचं स्वयंपाकघर, तुमची मुलगी. तशी फिल्म लगेच घेऊ."

तीन वर्षं घातली होती तिने त्या फिल्मवर. नवऱ्याच्या, पुष्करच्या कंपनीने त्याला आधी ब्रसेल्सला पाठवलं, तिथून २००६ मध्ये इकडे तोक्योला. ब्रसेल्सबाहेरच्या एका गावात घरी फ्रेंच बोलणाऱ्यांनाही नगरपालिकेत डचच बोलावं लागे. तिथली बेकरीवाली गिऱ्हाइकाच्या तोंडाकडे बघून आधी अंदाज घ्यायची आणि मगच कुठल्या भाषेत 'या' म्हणायचं ते ठरवायची. तिची ती नजर टिपायला कौमुदी चार दिवस पावाच्या क्रेटमागे उभी राहिली होती.

तोक्योच्या फुनाबोरी भागातल्या घरी येताच ती पुष्करवर उखडली.

"अगं, करून टाक ना तेही. नाव तरी होईल," तो लॅपटॉपमधून डोकं न काढता म्हणाला.

"मी पोळ्या लाटताना दिसले की माझं नाव होणार? परदेशी लोक भारतात येऊन आपल्यावर फिल्म करतात, तेव्हा त्यांना कोणी विचारतं का, तुम्ही का म्हणून?"

"चिडू नकोस," पुष्कर म्हणाला. त्यावर ती आणखीच चिडली.

मग हट्टालाच पेटली. स्टेशनजवळच्या सभागृहातली लहान खोली तिने शनिवारी दुपारी दोन तासांसाठी घेतली. जपानी सबटायटल्स लेकीच्या, रुचाच्या शिक्षिकेकडून तपासून घेतली, सायकलवर फिरून पत्रकं वाटली. आले नऊ जण. त्यातले पाच मराठी मंडळाचे.

फिल्म संपल्यावर पहिला प्रश्न आला, "बेल्जियममध्ये शाकाहारी जेवण मिळतं का हो?" दुसरा एका जपानी आजोबांचा, "तुम्हाला जपान आवडतं का?" तिने हसून दोन्हींची उत्तरं दिली आणि दातओठ खात वायरी गुंडाळायला घेतल्या.

सगळे गेले. एकट्या कानेदा-सान मागे थांबल्या. कोपऱ्यावरचं लाँड्रीचं दुकान त्यांचं.

"ती बेकरीवाली," त्या हळू आवाजात म्हणाल्या, "आधी तोंडाकडे बघते ना, तसंच माझी आई करायची. आम्ही कोरियन. कानेदा हे दुकानाच्या पाटीवरचं नाव. घरातलं किम. माझा जन्म इथला, पण पासपोर्ट अजून इथला नाही."

कौमुदीच्या हातातली वायर तशीच राहिली. एवढी वर्षं जे ती गावोगाव शोधत फिरली, ते तिच्या गल्लीत तिच्या नवऱ्याच्या शर्टांना इस्त्री करत होतं.

"कानेदा-सान, हे तुम्ही कॅमेऱ्यासमोर बोलाल? आत्ता? इथेच?"

त्यांनी झटकन मान हलवली. "नाही, नाही. मुलाचं लग्न ठरतंय. मुलीकडच्यांना अजून सांगितलेलं नाही. तुम्हीही कुठे बोलू नका हं."

"नाही बोलणार," कौमुदी म्हणाली.

खोलीची वेळ संपली होती आणि रखवालदार दारात येऊन उभा होता. दोघींनी मिळून खुर्च्या मिटल्या आणि भिंतीला लावून ठेवल्या.